शांत माणसाला दिलेला शब्द

एप्रिल लागला की नाशिकच्या वर्तमानपत्रांत एक फोटो हमखास येतो. पेठ, सुरगाणा नाहीतर त्र्यंबकेश्वर तालुक्यातला एखादा पाडा, तळ गाठलेली विहीर, कठड्यावर ताटकळलेल्या बायका आणि दोराला धरून आत उतरलेली एखादी पोर वाटीवाटीनं हंडा भरतेय. संध्याकाळपर्यंत तो फोटो शहरातल्या सगळ्या ग्रुपांवर फिरलेला असतो. खालचे शेरे ठरलेले. ‘सलाम या जिद्दीला.’ ‘एवढे हाल, पण तोंडातून ब्र नाही.’ ‘नाहीतर आपण, नळाला दोन तास उशिरा पाणी आलं तर घर डोक्यावर घेतो.’ शेरा मारणाऱ्याच्या मनात काही वाईट नसतं. पण ज्या तालुक्यांत पावसाळ्यात भातखाचरांचे बांध फुटेस्तोवर पाऊस कोसळतो, तिथे एप्रिलमध्ये वाटीनं पाणी का भरावं लागतं, हा प्रश्न त्या सलामात विरघळून जातो.

२०२२च्या जानेवारीत त्र्यंबकेश्वर तालुक्यातला शेंद्रीपाडा असाच गाजला. तास नदीच्या खोल घळीवर लाकडी बल्ल्या आडव्या टाकलेल्या आणि त्यांच्यावरून डोक्यावर हंडे घेऊन, पाय जपत, पलीकडे जाणाऱ्या बायका. धरायला काही नाही, खाली खडक. फोटो मुंबईपर्यंत पोचला, तेव्हाचे पर्यावरणमंत्री स्वतः आले, लोखंडी पूल बसला, बातम्या झाल्या. त्याच वर्षी जुलैच्या पुरात तो पूल वाहून गेला आणि बायका पुन्हा बल्ल्यांवर आल्या. दुसऱ्या वेळी सलाम ठोकणारे मात्र फारसे उरले नव्हते.

शांतपणे तग धरणं हा मोठा गुण आहे, यात वाद नाही. वाद आहे तो त्या गुणाचा हिशेब कोणी चुकता करायचा यावर. सोसणाऱ्याच्या मनोबळाचे गोडवे गायले की ज्याच्यामुळे सोसावं लागतं तो आपोआप नजरेआड होतो. शिवाय ज्याला आपण आतलं बळ म्हणतो ते सगळं आतूनच येतं, हेही मला पटत नाही. सांगितलेली वेळ टळणार नाही, दिलेला शब्द फिरवला जाणार नाही, एवढा भरवसा असला तरच बहुतेक माणसं डोकं शांत ठेवू शकतात. नाशिक जिल्ह्यात याचे दाखले हवे तितके सापडतात.

गोदाघाटावरचंच बघा. पावसाळ्यात गंगेला, म्हणजे गोदावरीला, पाणी चढायला लागलं की जुन्या नाशकातला माणूस आकडे विचारत नाही, ‘मारुतीला कुठवर लागलं?’ असं विचारतो. नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या कमरेला पाणी आलं की घाटावरच्या टपऱ्या हलायला लागतात. छातीला लागलं की भांडी बाजार आणि सराफ बाजारातले दुकानदार खालच्या फळीवरचा माल वर चढवायला घेतात. कोणी किंचाळत नाही, कोणी धावत नाही. पोऱ्या चहा आणतो, मालक एक डोळा मोबाइलवरच्या गंगापूर धरणाच्या विसर्गावर ठेवतो, तेवढ्यात शेजारचा येऊन कपाट उचलायला हात लावतो. बाहेरगावच्या पाहुण्याला वाटतं, काय धीराची माणसं! धीर आहेच. १९६९चा आणि २००८चा पूर पाहिलेली ही पेठ आहे. पण त्या धीरामागे दोन साध्या गोष्टी आहेत. विसर्ग किती क्युसेकनं वाढणार हे आधी कळतं, आणि मारुती जागचा हलत नाही. विसर्गाचा आकडा उद्यापासून खोटा निघायला लागला तर याच पेठेत एका रात्रीत पळापळ होईल, आणि मग कोणी तिला नाशिककरांचा स्वभाव म्हणणार नाही.

शांत बळाचा याहून अवघड प्रकार म्हणजे समोरचा शब्द पाळणार नाही हे ठाऊक असतानाही न डगमगणं. त्यासाठी पंचवटीतल्या काळाराम मंदिरापाशी जावं लागतं. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली मैलभर लांबीची मिरवणूक मंदिराकडे निघाली. दारं बंद होती. दुसऱ्या दिवशी सत्याग्रहाची पहिली तुकडी, १२५ पुरुष आणि २५ स्त्रिया, मंदिराच्या चारही दरवाजांवर जाऊन बसली. आत शिरायचं नाही, ढकलाढकली करायची नाही, दार उघडलं तर जायचं. मंदिराच्या कारभाऱ्यांनी दार उघडलंच नाही. बाहेरच्यांना आत येऊ द्यायचं नाही म्हणून स्वतःच्या लोकांनाही दर्शन बंद करायची त्यांची तयारी होती. रामनवमीला रथाची तडजोड ठरली. दोन्ही बाजूंनी मिळून रथ ओढायचा. आयत्या वेळी रथ पळवला गेला आणि सत्याग्रहींवर दगड पडले.

इथे कोणाचाही तोल गेला असता, आणि गेला असता तर त्यांना दोष देणं मला तरी जमलं नसतं. पण सत्याग्रह चालू राहिला, एक-दोन महिने नव्हे, काही वर्षं. दिंडोरी तालुक्यातल्या आंबे गावचे दादासाहेब गायकवाड तो जागेवर राहून चालवत होते. तुकड्या पाठवायच्या, अटक झालेल्यांच्या घरची चूल पेटती ठेवायची, गावोगावी बहिष्कार पडलेल्यांना धीर द्यायचा. इतिहासात या कामाला दोन ओळीही मिळत नाहीत, पण चळवळ टिकते ती त्यावरच. खेड्यातून आलेल्या सत्याग्रहीला परत गेल्यावर मजुरी मिळेल, विहीर मिळेल याची शाश्वती नव्हती. तरी तो पुढच्या तुकडीत उभा राहत होता, कारण मागे माणसं उभी आहेत हे त्याला ठाऊक होतं.

या कहाणीतला पुढचा भाग आपण घाईनं ओलांडतो. बाबासाहेबांनी १९३४ मध्ये दादासाहेबांना कळवलं की मंदिरप्रवेशाचा लढा आता थांबवावा आणि सगळी शक्ती शिक्षण आणि राजकारणाकडे वळवावी. समाजाला स्वतःच्या स्थितीची जाणीव व्हावी म्हणून सत्याग्रह होता. ती झाली होती. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी याच जिल्ह्यात, येवल्याला, त्यांनी हिंदू म्हणून मरणार नाही अशी घोषणा केली. आणि नागपूरला दीक्षा घेतली ती १९५६ साली. मध्ये २१ वर्षं गेली. त्या २१ वर्षांत त्यांनी अभ्यास केला, पक्ष काढले, संविधान लिहिलं आणि अनेक धर्मांच्या प्रतिनिधींना आपल्याकडे येण्याची गळ घालू दिली. इतका शांतपणा आणि इतका निर्णायकपणा एका माणसात एकत्र आला की समोरच्याची पंचाईत होते. दारात बसलेला माणूस कायम दारातच बसेल, हे त्यानं गृहीत धरलेलं असतं. बंद दारापुढून उठून निघून जाणं हाही धैर्याचाच भाग आहे, पण आपल्या जिद्दीच्या गोष्टींत उठून जाणाऱ्याला जागा नसते. तिथे माणूस शेवटपर्यंत दार ठोठावत राहतो आणि अखेरच्या पानावर ते उघडतं.

(नाशिकच्या इतिहासात पिस्तूलही आहे. २१ डिसेंबर १९०९ रोजी विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या, आणि त्या प्रसंगाची आठवण शहर अजून अभिमानानं सांगतं. त्यावर इथे वाद घालत नाही. एवढंच नोंदवतो की एका संध्याकाळची गोष्ट सांगायला सोपी असते आणि वर्षानुवर्षं चाललेल्या सत्याग्रहाची सांगायला अवघड.)

आता अलीकडचं. ६ मार्च २०१८ रोजी नाशिकच्या सीबीएस चौकातून किसान सभेचा लाँग मार्च निघाला. सुरगाणा, पेठ, कळवण, दिंडोरीतले आदिवासी शेतकरी त्यात सर्वांत जास्त. मागणी मुख्यतः वनजमिनीची. २००६चा वनहक्क कायदा होऊन बारा वर्षं होत आली होती, तरी कसणाऱ्यांचे दावे फेटाळले जात होते किंवा कसतो त्यापेक्षा कमी क्षेत्राचा पट्टा हातात पडत होता. सुमारे १८० किलोमीटर चालून, कसारा घाट उतरून, हे लोक ११ मार्चला मुंबईत सोमय्या मैदानावर पोचले. दुसऱ्या दिवशी दहावीचा पेपर होता. सकाळी मोर्चा निघाला तर रस्ते अडतील, पोरांचे पेपर बुडतील, म्हणून दिवसभर चाललेली माणसं त्याच रात्री पुन्हा उठली आणि उजाडायच्या आत आझाद मैदानावर जाऊन बसली. सोललेल्या तळव्यांचे फोटो देशभर गेले. मुंबईकरांनी पाणी दिलं, बिस्किटं दिली, चपला आणून दिल्या.

माझ्या दृष्टीनं आपल्या पिढीनं पाहिलेलं शांत ताकदीचं हे सर्वांत मोठं दर्शन होतं. लाखभर शब्दांत जे सांगून झालं नसतं ते त्या एका रात्रीच्या चालण्यानं सांगितलं. सरकारनं लेखी आश्वासन दिलं, दावे सहा महिन्यांत निकाली काढण्याचा शब्द दिला आणि विशेष गाड्यांनी सगळ्यांना घरी धाडलं.

फेब्रुवारी २०१९ मध्ये तीच माणसं पुन्हा नाशिकहून निघाली, कारण कागद कागदावरच होता. शहराबाहेर आंबेबहुल्याजवळ पुन्हा लेखी आश्वासन मिळालं, पुन्हा परत फिरली. मार्च २०२३ मध्ये दिंडोरीहून पुन्हा निघाली. त्या वेळी वाशिंदला एका शेतकऱ्याचा मृत्यू झाला. यादीतल्या बऱ्याच मागण्या तोवर सगळ्यांना पाठ झालेल्या होत्या, शेतकऱ्यांना, पोलिसांना आणि पत्रकारांनाही. पण एक गोष्ट बदलली होती. विधानसभेत मुख्यमंत्र्यांचं निवेदन झालं तरी मोर्चा लगेच उठला नाही. खाली जिल्ह्यापर्यंत अंमलबजावणीचे आदेश गेल्याची खात्री होईपर्यंत ते वाशिंदलाच बसून राहिले. २०१८ला त्यांनी शब्दावर विश्वास ठेवला होता, २०२३ला आदेशाची प्रत मागितली. मुंबईच्या अलीकडे, रस्त्याकडेच्या मैदानात, स्वयंपाकाची भांडी मांडून हजारो माणसं नुसती थांबतात, कारण मागच्या दोन खेपांना काय झालं ते त्यांना आठवतं. हा थांबा मला त्या रात्रीच्या चालीपेक्षाही महत्त्वाचा वाटतो. त्याचे फोटो मात्र तेवढे फिरले नाहीत.

आणि इथेच शहरी माणसाला एक अवघड प्रश्न विचारायला हवा. दहावीच्या पोरांसाठी रात्री चाललेल्या माणसांचं कौतुक करताना आपण गहिवरलो. सहा महिने उलटल्यावर त्या शब्दाचं काय झालं, हे आपल्यापैकी किती जणांनी विचारलं? त्यांचा संयम आपल्या सोयीचा होता. रस्ता अडला नाही, पेपर बुडाला नाही, ऑफिसला उशीर झाला नाही. ज्या शिस्तीनं त्यांनी आपली गैरसोय टाळली, तिचा मोबदला म्हणून निदान पाठपुरावा तरी आपल्याकडून व्हायला हवा होता.

कांद्याच्या बाबतीत तर शांत राहण्याची सोयच ठेवलेली नाही. उन्हाळ कांदा साठवणीच्या चाळीत भरून भावाची वाट बघता येते. थोडा सडतो, थोडा कोंबारतो, वजन घटतं, पण वाट बघता येते. लाल कांद्याचं तसं नाही. तो टिकत नाही, काढला की बाजार दाखवावाच लागतो. ऑगस्ट २०२३ मध्ये निर्यातीवर ४० टक्के शुल्क आलं आणि ८ डिसेंबरला, ऐन लाल कांद्याची आवक वाढत असताना, निर्यातबंदीच आली. मुदत सांगितली ३१ मार्चची. ती उलटली तरी बंदी उठली नाही. उठली ४ मे २०२४ला. लासलगावच्या बाजार समितीच्या आवारात ट्रॅक्टर लावून उभ्या असलेल्या शेतकऱ्याला अशा वेळी ‘धीर धरा’ म्हणणारा माणूस एकतर कांदा पिकवत नसतो किंवा भाषणाला आलेला असतो. धीर कशाच्या भरवशावर धरायचा? लागवडीचा निर्णय तो चार महिने आधी घेतो आणि दिल्लीचा निर्णय रात्रीत होतो.

तरीही याच जिल्ह्यातून उत्तरं शांतपणेच गेली आहेत. २०१८ मध्ये निफाड तालुक्यातल्या एका शेतकऱ्यानं ७५० किलो कांद्याचे आलेले १०६४ रुपये थेट पंतप्रधानांच्या नावे मनीऑर्डर केले, वर पोस्टाचे ५४ रुपये स्वतःच्या खिशातून भरले. एक कांदा फेकला नाही, एक शिवी दिली नाही, आणि पोस्टाच्या त्या पावतीनं अख्ख्या देशाला कांद्याचा भाव कळवला. २० मे २०२४ला दिंडोरीत मतदान झालं आणि विद्यमान केंद्रीय राज्यमंत्री पराभूत झाल्या. निकालामागे एकच कारण नसतं, पण कांद्याचा त्यात वाटा होता असं नाशिकमध्ये बहुतेकांनी मानलं. मतदानाआधी ना टायर जळले ना कोणी शपथा घेतल्या. लोक रांगेत उभे राहिले आणि घरी गेले.

‘अहो, पण मनाची ताकद ही ज्याची त्याचीच असते,’ असं कोणी म्हणेल. काही अंशी खरंच आहे. चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ दुष्काळी गावात विहिरी खणण्याच्या कामावर जात होता. पुढे २०१६च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये त्यानं नौकानयनात भारताचं प्रतिनिधित्व केलं, आणि तेही घरी आई अत्यवस्थ असताना. ती जिद्द त्याचीच, तिच्यावर दुसऱ्या कोणाचा हक्क नाही. पण त्याच्या हाती वल्हं दिलं ते सैन्यानं. भाषणांत जिद्दीचा भाग येतो, वल्ह्याचा गाळला जातो. कारण वल्ह्याबद्दल बोललं की बाकीच्या पोरांना ते का मिळालं नाही, हेही बोलावं लागतं.

वल्हं म्हणजे काय असू शकतं याचं एक उदाहरण दिंडोरी-निफाडच्या सीमेवर आहे. १९९०च्या सुमारास ओझरला बापू उपाध्ये आणि भरत कावळे यांनी वाघाड धरणाच्या कालव्यावर पाणीवापर संस्था उभ्या करायला सुरुवात केली. तोवर टेलच्या, म्हणजे कालव्याच्या शेवटच्या टोकाच्या, शेतकऱ्यापर्यंत पाणी क्वचितच पोचायचं. त्याच्या वाट्याला रात्रीची भांडणं आणि दारं फोडल्याच्या तक्रारी यायच्या. संस्थांनी पाणी घनमापनानं मोजून घ्यायला सुरुवात केली, पाळी ठरवली, पट्टी वेळेवर भरली. पुढे अख्ख्या प्रकल्पाचा कारभार शेतकऱ्यांच्या हाती आला. त्या भागात बांधावरची माणसं आज जास्त शांत असतील तर ती जन्मजात सोशिक आहेत म्हणून नव्हे. आपली पाळी कधी आणि आपलं पाणी किती, हे त्यांना ठाऊक आहे. या कामावर कोणाला गहिवरून येत नाही. त्यात फोटो नाही, बैठका आहेत, रजिस्टरं आहेत, वर्षानुवर्षं तेच तेच हिशेब आहेत.

राहिला तो नेहमीचा आक्षेप, की आपल्याकडे ओरडल्याशिवाय काही मिळत नाही. रास्ता रोको केला की दोन तासांत अधिकारी येतो आणि अर्ज दिला की दोन वर्षं उत्तर येत नाही, हा लोकांचा अनुभव आहे आणि तो खोटा ठरवण्याइतका पुरावा माझ्याकडे नाही. म्हणूनच लोकांना संयमाचे धडे देण्याआधी प्रशासनानं शांत माणसाला उत्तर द्यायची सवय लावून घ्यावी. महाराष्ट्रात २०१५ पासून लोकसेवा हक्क कायदा आहे. दाखला ठरलेल्या मुदतीत दिला नाही तर अधिकाऱ्याला दंडाची तरतूद आहे. सभागृहात मंत्र्यानं आश्वासन दिलं तर त्याचा माग ठेवायला विधिमंडळाची आश्वासन समिती आहे. पण भर रस्त्यात, उन्हात, मोर्चाच्या हाती जो सहीशिक्क्याचा कागद ठेवला जातो त्याला ना मुदतीचा कायदा लागू होतो ना तो कोणत्या रजिस्टरात चढतो. मोर्चा पांगला की कागदही पांगतो.

जिल्हाधिकारी कार्यालयात महिन्याच्या पहिल्या सोमवारी लोकशाही दिन असतो. घोषणा न देता, रांगेत बसून, अर्ज घेऊन येणाऱ्या माणसासाठी केलेली ती जागा आहे. तिथेच मोर्चांना दिलेल्या लेखी आश्वासनांची यादी दर महिन्याला लावावी, अशी माझी साधी मागणी आहे. कोणत्या तारखेला, कोणाच्या सहीनं, काय कबूल केलं, कोणत्या अधिकाऱ्याकडे आहे, मुदत किती होती आणि आज कुठे अडलं आहे. २०२७च्या सिंहस्थाच्या कामांना मुदती आहेत, आढावा बैठका आहेत, मंत्र्यांचे दौरे आहेत, म्हणजे तारखा लावून काम करणं प्रशासनाला जमत नाही असं नाही. यादी लांबेल, हे मान्य. सुरुवात २०१८च्या मार्चपासून करावी लागेल.